कॅमेऱ्याकडे न बघणारी माणसं

मी लग्नांची शूटिंग करतो. उजनी धरणाच्या बॅकवॉटरची गावं, करमाळ्यापासून इंदापूरपर्यंत, हे माझं गिऱ्हाईक. लग्नातली गर्दी मला पाठ आहे. कॅमेरा वळला की मावशी पदर सावरते, पोरं हात हलवतात, पंगतीतल्या आजोबांचा घास तोंडापाशी थांबतो. सिनेमातल्या गर्दीला नेमकं हेच करायचं नसतं. म्हणून ‘सैराट’ सिनेमा मी आर्ची-परश्या या जोडीला सोडून, मागच्या गर्दीसाठी बघतो.

२९ एप्रिल २०१६ला तो लागला. दिग्दर्शक नागराज मंजुळे आमच्या जेऊरचे, चित्रीकरणही बरंचसं करमाळा तालुक्यातलं. कमलाभवानीच्या देवळाजवळची ९६ पायऱ्यांची विहीर लोक आता सिनेमामुळे बघायला येतात. आकाश ठोसर जेऊरचा, रिंकू राजगुरू अकलूजची; त्यांची नावं घरोघर गेली. पण क्रिकेटच्या सामन्याभोवतीची माणसं, ‘झिंगाट’मध्ये मागं नाचणारी पोरं? त्यांना बाहेरचं कोण ओळखणार! आमच्याकडं मात्र मोबाइलवर सीन थांबवला की कुणीतरी बोट ठेवतंच, “ह्यो बघ आपला!”

हे काम दिसतं तितकं सोपं नाही. एकच सीन वेगवेगळ्या बाजूंनी घेतात, त्यामुळं दुसऱ्या दिवशीही तोच सदरा अंगात पाहिजे आणि उभंही तिथंच राहायचं. संवाद चालू असताना मागच्यांनी नुसते ओठ हलवायचे; गर्दीचा गलका नंतर वेगळा भरतात. दिवसभर उन्हात उभं राहून पडद्यावर दोन सेकंद मिळतात. कधी तेही एडिटिंगला जातात, आणि ते गावाला थेटरातच कळतं.

फार क्वचित मागचा माणूस पुढं येतो. दादासाहेब फाळक्यांना ‘राजा हरिश्चंद्र’साठी तारामती मिळेना, तेव्हा त्यांनी खाणावळीत काम करणाऱ्या साळुंक्यांना साडी नेसवली. तो १९१३चा सिनेमा. पुढं १९१७च्या ‘लंकादहन’मध्ये राम आणि सीता दोन्ही साळुंकेच! ‘प्रभात’ फिल्म कंपनीत किरकोळ कामं करणारी गौरी १९३६च्या ‘संत तुकाराम’मध्ये तुकारामांची बायको आवली झाली. तिचा तो तोंडाळपणा आणि मायाही बघा. माझ्या मते पडद्यावर पुन्हा तशी आवली झाली नाही. तरी आजही ती नुसती ‘गौरी’. एवढ्या मोठ्या भूमिकेला आडनाव चिकटलं नाही, मग दोन सेकंदवाल्याचं काय घेऊन बसलात.

आमच्या भागाला तर सिनेमा फार उशिरा भेटला. १९८०च्या सुमाराला धरण पुरं झालं आणि भीमाकाठची जुनी गावं पाण्याखाली गेली. तेव्हा त्या गल्ल्यांतून चालणारी माणसं टिपायला कॅमेरा होता कुणाकडं? उजनी ११७ टीएमसीची, त्यातला निम्म्याहून जास्त मृतसाठा. उन्हाळ्यात वरचं पाणी संपून धरण मायनसमध्ये गेलं की पळसदेवचं पळसनाथाचं जुनं देऊळ उघडं पडतं आणि मला प्री-वेडिंगच्या ऑर्डरी येतात.

तिथं होडीनं जावं लागतं. होडीवाल्यांत जुन्या गावात जन्मलेले म्हातारेही असतात. एखादा हमखास फ्रेममध्ये येतो, कारण त्याला कॅमेऱ्याचं काही पडलेलंच नसतं. तो आपला घराचं जोतं कुठं होतं ते शोधत फिरत असतो. नवरा-नवरी म्हणतात, “दादा, मागचे ते बाबा काढून टाका.” काढतो. पैसे त्यांचे असतात.