मामांचं घड्याळ आणि मोटारीचा ऑटो

रात्री उसाला पाणी पाजणाऱ्या माणसाला मनगटाकडे बघून एकच गोष्ट कळायला हवी असते : किती वाजले. लाइट अजून किती वेळ राहणार, किती सऱ्या भिजायच्या राहिल्यात, हा सगळा हिशेब त्या वेळेवर असतो. इस्लामपूरहून बहे-बोरगावच्या बाजूला, कृष्णाकाठी माझ्या मामांचं रान आहे. पाळी रात्रीची असली की मामा खिशातल्या मोबाईलवर भजन लावतात आणि खोरं घेऊन बांधावर उभे राहतात. पोरानं त्यांना कॉलिंगचं स्मार्टवॉच घेऊन दिलं आणि तेव्हापासून गंमत सुरू झाली. हात वर केला की वेळेच्या जागी भजनाचं नाव, मधोमध पॉजचं बटण, दोन्ही बाजूंना मागचं-पुढचं. ओली बाही पडद्याला घासली की भजन बंद. नाहीतर दोन भजनं सोडून तिसऱ्यावर उडी.

‘‘आरं, मी ह्याला इचारतोय किती वाजलं, आन् हे मलाच इचारतंय, गाणं बदलू का म्हणून,’’ मामा म्हणाले.

एका मोबाईल शॉपीत ‘रिसेट मारून बघा’ असा सल्ला मिळाला. मारलाही. दुसऱ्या रात्री तेच. रिसेटनं काही होणार नव्हतं, कारण घड्याळ बिघडलेलंच नव्हतं. त्याला जे शिकवून पाठवलं होतं, तेच ते इमानदारीनं करत होतं.

आधी एक गैरसमज बाजूला ठेवू. घड्याळाला गाणं ऐकू येत नाही. फोनमधलं ॲप गाणं वाजवायला लागतं, तेव्हा ते फोनच्या यंत्रणेकडे वर्दी देतं : मी वाजवतोय, गाणं हे, गायक हा, चित्र हे, एवढी मिनिटं झाली, आणि थांब-पुढे-मागे या आज्ञा मी ऐकेन. अँड्रॉइडमध्ये या वर्दीला ‘मीडिया सेशन’ म्हणतात. २०१४ च्या अँड्रॉइड ५ पासून ती पद्धत आहे. लॉक केलेल्या पडद्यावर दिसणारी गाण्याची बटणं, इअरफोनच्या वायरीवरचं बटण, गाडीच्या स्टिरिओवर उमटणारं गाण्याचं नाव, हे सगळे या एकाच फळ्यावरचं वाचतात. घड्याळ हा त्याच फळ्याचा आणखी एक वाचक. आयफोनमध्येही त्याच वर्षी, आयओएस ८ मध्ये, ‘ॲपल मीडिया सर्व्हिस’ आली. जोडलेल्या उपकरणाला कोणतं ॲप वाजतंय आणि कोणतं गाणं चालू आहे हे ती कळवते, आणि उलट बाजूनं प्ले, पॉज, पुढचं, आवाज वाढव अशा आज्ञा स्वीकारते.

मग ही वर्दी मनगटापर्यंत पोचते कशी? इथे जरा थांबायला हवं, कारण मामांच्या घड्याळातली मेख इथेच होती. कॉलिंगच्या स्वस्त घड्याळात ब्लूटूथच्या दोन वाटा असतात. एक कमी विजेवर चालणारी बारीक वाट. पावलं, हृदयाचे ठोके, मेसेज हे सगळं तिच्यावरून जातं. ती घड्याळाच्या कंपनीच्या ॲपमधून जोडली जाते. दुसरी जुनी, रुंद वाट. तिच्यावरून आवाज जातो, म्हणून घड्याळावर फोन घेता येतो. म्हणूनच कित्येक जणांच्या फोनमध्ये ब्लूटूथच्या यादीत एकाच घड्याळाची दोन नावं दिसतात आणि ‘हे दुसरं कुणाचं’ म्हणून माणूस गोंधळतो.

बारीक वाटेवर गाण्याची वर्दी कंपनीचं ॲप वाचून देतं. ते ॲप पहिल्या दिवशी ‘नोटिफिकेशन वाचायची परवानगी द्या’ म्हणून मागे लागतं, त्याचं हेही एक कारण. अँड्रॉइडमध्ये ती परवानगी असलेल्या ॲपला मेसेजबरोबर चालू मीडिया सेशनही बघता येतं. रुंद वाटेवर मात्र कुणी मध्यस्थ लागत नाही. तिथे फोन घड्याळाला सरळ ब्लूटूथ स्पीकर समजतो. आवाजही तिकडे पाठवतो आणि गाण्याचं नाव-गावही.

आता शेवटचा टप्पा. वर्दी पोचणं ही एक गोष्ट आणि वर्दी आली म्हणून वेळेचं पान बाजूला सारून गाण्याचं पान उघडणं ही दुसरी. मामांना हे पटवायला मी मोटारीचं उदाहरण घेतलं. लाइट आली की मोटर आपोआप सुरू व्हावी म्हणून स्टार्टरच्या पेटीत ऑटो स्विच बसवतात. ऑटो काढला म्हणून लाइट यायची थांबत नाही आणि मोटरही कुठे जात नाही. फक्त बटण हातानं दाबावं लागतं. (महावितरण वर्षानुवर्षं सांगतंय की ऑटो काढा, लाइट आल्या आल्या सगळ्यांच्या मोटारी एकदम उठतात आणि डीपी जळते. ऐकतो कोण?) घड्याळातही असाच एक ऑटो असतो. तो बंद केला तरी गाणं घड्याळावरून थांबवता येतं. फक्त ते पान तुम्ही उघडाल तेव्हा उघडतं.

हा ऑटो कुठे असतो, ते घड्याळावर अवलंबून. सॅमसंगच्या गॅलेक्सी वॉचमध्ये, म्हणजे २०२१ च्या वॉच ४ पासून पुढच्या घड्याळांत, काम सोपं आहे. घड्याळाच्या सेटिंगमध्ये डिस्प्ले, आणि त्यात ‘शो मीडिया कंट्रोल्स’ नावाची कळ. ती बंद करायची. फोनवरच्या गॅलेक्सी वेअरेबल ॲपमधूनही तिथे जाता येतं, आणि बोटं जाड असतील तर तेच बरं. गूगलच्या वेअर ओएसवर चालणाऱ्या इतर घड्याळांत कंपनीगणिक जागा बदलते. ‘मीडिया कंट्रोल्स’ हे शब्द आणि त्यांच्यासोबत ‘ऑटो-लाँच’ किंवा त्या अर्थाचं काही दिसतंय का ते शोधायचं. घड्याळाच्या सेटिंगमध्ये नाही सापडलं, तर गाण्याचंच पान उघडून ते खालपर्यंत सरकवून बघायचं.

ॲपल वॉचमध्ये ही कळ दर काही वर्षांनी घर बदलते, त्यामुळे जुना सल्ला वाचून माणूस रिकाम्या खोलीत शिरतो. आधीच्या आवृत्त्यांत ती सेटिंग्जमधल्या ‘जनरल’खाली ‘ऑटो-लाँच ऑडिओ ॲप्स’ या नावानं होती. २०२४ च्या वॉचओएस ११ पासून ती ‘स्मार्ट स्टॅक’मध्ये ‘लाइव्ह ॲक्टिव्हिटीज’खाली गेली. तुमच्या घड्याळात एका ठिकाणी नसेल तर दुसऱ्या ठिकाणी बघा. आयफोनवरच्या वॉच ॲपमध्येही तीच नावं सापडतात.

कळ बंद केल्यावरही घड्याळाच्या तोंडावर एखादं बारीक चिन्ह राहतं, गाणं चालू असल्याची खूण म्हणून. ते बिघाडाचं लक्षण नाही. त्या चिन्हाला बोट लावलं की गाण्याचं पान येतं, म्हणजे हवं तेव्हा दार उघडायची सोय राहते.

पण पुष्कळांची खरी तक्रार निराळीच असते आणि ती या कळीनं सुटत नाही. पान आपोआप उघडत नाही, पण एकदा उघडलं की जात नाही. सकाळी गाणं बदललं, हात खाली केला, पुन्हा वर केला तर अजून तेच पान. हा दोष ऑटोचा नाही, हा ‘शेवटचं ॲप किती वेळ धरून ठेवायचं’ या सेटिंगचा. ॲपल वॉचमध्ये जनरलखाली ‘रिटर्न टू क्लॉक’ आहे. त्यात तीन पर्याय मिळतात : लगेच, दोन मिनिटांनी, एक तासानं. एक तास ठेवलेला असेल तर घड्याळाला दोष देण्यात अर्थ नाही. गॅलेक्सीत डिस्प्लेमध्येच ‘शो लास्ट ॲप’ म्हणून हीच गोष्ट आहे. म्हणून कुणी हे दाखवायला आलं की मी पहिला प्रश्न हाच विचारतो : पान स्वतः येतंय, की आलेलं जात नाहीये?

दुसरा प्रश्न : गाणं लावलंय कुणी? कारण पुष्कळदा मालकानं काहीच लावलेलं नसतं. यूट्यूबवरचा व्हिडिओ, पॉडकास्ट, बातम्यांचं बुलेटिन हे सगळं फोनच्या लेखी ‘मीडिया’च. त्यामुळे पोरगं तुमच्या मोबाईलवर कार्टून बघत बसलं की तुमच्या मनगटावर त्या कार्टूनची बटणं येतात. गाडीत बसल्यावर ब्लूटूथ जुळतं आणि काही गाड्यांचे स्टिरिओ लगेच फोनला ‘वाजव’ म्हणून आज्ञा देतात. पेठ नाक्याला हायवेवर लागेपर्यंत लक्षातही येत नाही की फोनमधलं पहिलं गाणं आवाज शून्यावर असताना वाजतंय आणि घड्याळ मात्र इमानानं वर्दी दाखवतंय. तिसरा प्रकार आणखी मजेशीर. घरच्या वायफायवर कुणी टीव्हीला कास्ट करून काही लावलं, की त्याच वायफायवरच्या इतर अँड्रॉइड फोनवरही त्याची बटणं येऊ शकतात, म्हणजे सासूबाईंची मालिका सुनेच्या फोनवर, आणि फोनला घड्याळ जोडलेलं असेल तर मनगटावरही. त्यासाठी फोनच्या सेटिंगमध्ये गूगलखाली उपकरणं आणि शेअरिंगच्या भागात कास्टचे पर्याय असतात. तिथे ‘कास्ट उपकरणांसाठी मीडिया कंट्रोल’ बंद करायचं.

वैतागून लोक एक उपाय करतात, तो टाळावा. घड्याळाच्या ॲपची नोटिफिकेशनची परवानगीच काढून टाकतात. गाण्याचं पान जातं खरं, पण त्याबरोबर मेसेज जातात, बँकेचे निरोप जातात, आणि चार दिवसांनी ‘घड्याळ काहीच दाखवत नाही’ म्हणून दुसरी तक्रार सुरू होते. पाणी नको म्हणून पाइपलाइनच उखडण्यातला प्रकार.

सगळ्यांनाच हा ऑटो नकोसा असतो असंही नाही. पहाटे पेठ-सांगली रस्त्याला पोलिस भरतीची तयारी करणारी पोरं धावताना दिसतात. कानात इअरबड, फोन दंडाला बांधलेला. धावताना मनगट वर केलं की पुढच्या गाण्याचं बटण समोर असणं हीच त्यांची सोय. घड्याळ बनवणाऱ्यांच्या डोळ्यांपुढे नेमकं हेच गिऱ्हाईक असतं, आणि म्हणून ती कळ कारखान्यातूनच चालू होऊन येते. रात्री दोन वाजता चिखलात उभा राहून वेळ बघणारा माणूस त्यांच्या डोळ्यांपुढे नसतो, एवढंच.

मामांच्या घड्याळाकडे परत येतो. त्यात ऑटोची कळ नव्हतीच. घड्याळात शोधली, कंपनीच्या ॲपमध्ये शोधली. स्वस्तातल्या घड्याळांत कधी असते, कधी नसते. मग मी मोबाईलचं ब्लूटूथ उघडलं. घड्याळाची दोन नावं. त्यातल्या कॉलवाल्या नावापुढच्या चाकाच्या खुणेवर बोट लावल्यावर खाली दोन कळा दिसल्या : फोन कॉल आणि मीडिया ऑडिओ. दोन्ही चालू. म्हणजे फोन त्या घड्याळाला आवाजाची पेटी समजत होता. भजन बारीक येतंय, मोबाईल जुना झालाय, असं मामा मधूनमधून म्हणायचे त्याचाही उलगडा तिथेच झाला. भजन खिशातून येतच नव्हतं, ते मनगटावरच्या सुपारीएवढ्या स्पीकरमधून येत होतं. मीडिया ऑडिओ बंद केलं, फोन कॉल चालू ठेवलं. भजन लावून बघितलं. आवाज खिशातून, खणखणीत. घड्याळावर वेळ. पोराला फोन लावायला सांगितला, तो मात्र मनगटावर वाजला.

ओल्या बाहीचं काय, हा मुद्दा उरला होता. हा पडदा बोट ओळखतो ते आपलं अंग वीज वाहून नेतं म्हणून, आणि पाणीही वीज वाहून नेतं, त्यामुळे ओलं कापड किंवा पाण्याचा थेंबसुद्धा कधी कधी बोट म्हणून खपतो. गॅलेक्सी आणि ॲपल वॉचमध्ये यासाठी ‘वॉटर लॉक’ आहे. तो लावला की पडदा स्पर्श मानत नाही, वेळ मात्र दिसत राहते. मामांच्या घड्याळात तो नव्हता. त्यांना मी घड्याळ मनगटाच्या आतल्या बाजूला फिरवून बांधायला सांगितलं. जुन्या एसटी कंडक्टरसारखं दिसतं, पण बाही घासत नाही.

पुढच्या आठवड्यात फोन आला. वेळ नीट दिसत होती.

‘‘आन् मोटारीचा ऑटो काढला का, मामा?’’

‘‘त्यो ऱ्हाऊ दे. रातच्याला कोण उठतंय सारखं.’’