विश्लेषण : बेने इस्रायल कोकणात नेमके कधी आले? जमिनीतला पुरावा काय सांगतो?

अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्यावर जहाज फुटलं. सात पुरुष आणि सात स्त्रिया वाचल्या. महाराष्ट्रातले मराठी बोलणारे ज्यू, म्हणजेच बेने इस्रायल, स्वतःला त्यांचे वंशज मानतात. पण ही घटना कधीची?

इसवी सनपूर्व १७५ हे साल कुठून आलं?
हे साल हाईम सॅम्युएल केहिमकर यांनी मांडलं. त्यांनी समाजाचा इतिहास १८९७ मध्ये लिहून पूर्ण केला, पुस्तक छापलं गेलं १९३७ मध्ये. त्यांचा आधार मुख्यतः परंपरा आणि चालीरीतींचा होता. शनिवारी घाणा बंद ठेवणारे म्हणून 'शनिवार तेली' हे नाव त्यातलंच.

उत्खनन काय सांगतं?
नवगावच्या दक्षिणेला असलेल्या चौल इथे डेक्कन कॉलेजच्या विश्वास गोगटे यांनी केलेल्या उत्खननात सातवाहनकालीन अवशेष मिळाले. म्हणजे त्या काळात इथे बंदर होतं. मात्र बंदर होतं म्हणून तिथे ज्यू होतेच, असं सिद्ध होत नाही. नवगावात बुडालेल्यांची दफनभूमी दाखवली जाते. पण वरचं स्मारक पाहून खालच्या थराचा काळ ठरत नाही.

मग ठोस काय आहे?
दहाव्या शतकातला प्रवासी अबू दुलाफ याच्या वृत्तांतात सैमूर, म्हणजे चौल, इथे ज्यूंची प्रार्थनास्थळं असल्याचा उल्लेख येतो. २०१६ मध्ये 'प्लॉस वन'मध्ये प्रसिद्ध झालेल्या जनुकीय अभ्यासात बेने इस्रायलांमध्ये ज्यू आणि भारतीय असे दोन्ही वारसे आढळले. हा संकर १९ ते ३३ पिढ्यांपूर्वीचा, म्हणजे साधारण ५०० ते १,००० वर्षांपूर्वीचा. अर्थात, हा काळ संकराचा आहे. समाज कोकणात आला तो त्याच्याही आधी असू शकतो.

वेल्ह्याच्या घाटवाटांचा संबंध काय?
राजगड (पूर्वीच्या वेल्हे) तालुक्यातला मढे घाट उतरला की महाडचा परिसर लागतो आणि महाडजवळ गांधारपाले इथे प्राचीन बौद्ध लेणी आहेत. अशा घाटवाटांनी कोकण देशाशी जोडलेलं होतं. पण इथेही नियम तोच. वाट जुनी आहे, एवढ्यावरून तिच्यावर कोण चाललं हे कळत नाही. त्यासाठी नाणं, लेख किंवा थडगं हवं.

याने फरक काय पडतो?
१९६० च्या दशकाच्या सुरुवातीला इस्रायलच्या मुख्य धर्मपीठाने बेने इस्रायलांच्या लग्नाआधी वंशावळ तपासण्याची अट घातली. आंदोलनं झाली. अखेर १९६४ मध्ये ते सर्वार्थाने ज्यू असल्याचं इस्रायल सरकारने मान्य केलं. महाराष्ट्राने ज्यूंना अल्पसंख्याक दर्जा दिला तो २०१६ मध्ये.

थोडक्यात, इसवी सनपूर्व १७५ हे साल अजून परंपरेच्या खात्यात आहे. हजार वर्षांच्या आसपासच्या वास्तव्याला मात्र प्रवासवर्णन आणि जनुकं, असे दोन स्वतंत्र आधार आहेत.