पारितोषिक, पुरस्कार आणि बोली

वाङ्मय, नाट्य, संगीत व वृत्तपत्रव्यवसाय यांतील गुणवत्तेचा प्रतिवर्षी गौरव करण्याची प्रथा आता सर्वत्र रूढ झाली आहे. या गौरवासाठी मराठीत दोन शब्द वापरले जातात. ‘पारितोषिक’ हा शब्द ‘परितोष’ म्हणजे संतोष यावरून आला. देणारा संतुष्ट झाला म्हणजे तो जे देतो ते पारितोषिक. ‘पुरस्कार’ म्हणजे पुढे करणे, अग्रभागी मांडणे. एखाद्या मताचा पुरस्कार करणे, या प्रयोगात हा मूळ अर्थ अद्याप टिकून आहे. पहिल्या शब्दात देणाऱ्याचे मन प्रधान आहे, तर दुसऱ्यात कृती प्रधान आहे. हा भेद केवळ व्युत्पत्तीपुरता नाही, हे दाखविणे हा प्रस्तुत टिपणाचा हेतू होय.

पेशवाईतील दक्षिणेच्या निधीतून पुढे इंग्रजी अमलात मराठी ग्रंथांना पारितोषिके देण्यात येऊ लागली. त्यासाठी नेमलेल्या दक्षिणा प्राइज कमिटीकडे जोतीराव फुले यांनी 1855 साली ‘तृतीय रत्न’ हे नाटक पाठविले. ते नाकारले गेले. कमिटीतील भट सभासदांच्या आग्रहामुळे हे घडले, असे फुले यांनी ‘गुलामगिरी’ (1873) या ग्रंथात नमूद केले आहे. आक्षेप भाषेवर नसून आशयावर होता, हे उघड आहे. तथापि त्याचा परिणाम भाषेवरही झाला. कुणबी स्त्रीपुरुषांचे नित्याचे बोलणे रंगभूमीसाठी लिहून ठेवणारे हे नाटक छापून यावयास 1979 साल उजाडले.

असा अनुभव इतरत्रही आढळतो. अमेरिकेतील पुलित्झर पारितोषिके 1917 पासून दिली जातात. संगीताचा समावेश त्यांत 1943 साली झाला. ड्यूक एलिंग्टन यांचा विशेष गौरव करावा, ही परीक्षकांची शिफारस 1965 साली वरिष्ठ मंडळाने फेटाळली. जाझ रचनेस संगीताचे पारितोषिक मिळाले ते 1997 साली, आणि एलिंग्टन यांचा गौरव झाला तो त्यांच्या निधनानंतर 1999 साली. ‘खरे’ संगीत कोणते, यासंबंधीची समजूत बदलावी लागली, तेव्हाच हे घडले.

आता आपल्या जिल्ह्याकडे वळू. कोल्हापूर ही ज्यांची कर्मभूमी, त्या वि. स. खांडेकरांच्या ‘ययाति’स 1960 साली आणि कोवाडच्या रणजित देसाईंच्या ‘स्वामी’स 1964 साली साहित्य अकादमीचा पुरस्कार लाभला. दोन्ही कादंबऱ्यांची भाषा ग्रंथनिविष्ट, संस्कृतप्रचुर वळणाची आहे. कागलच्या आनंद यादवांनी 1971 साली ‘गोतावळा’चे संपूर्ण निवेदन बोलीत केले, अकादमीचा पुरस्कार त्यांना 1990 साली ‘झोंबी’साठी मिळाला. त्यानंतर राजन गवस यांच्या ‘तणकट’ला 2001 साली आणि कृष्णात खोत यांच्या ‘रिंगाण’ला 2023 साली तो मान मिळाला. प्रमाणभाषेकडून बोलीकडे झालेला हा प्रवास या पाच नावांतून स्पष्ट दिसतो.

गडहिंग्लजसारख्या सीमाभागात या प्रवासाला विशेष महत्त्व आहे. येथील स्त्री ‘मी येते’ असे न म्हणता ‘मी येतो’ म्हणते. कन्नडमध्ये प्रथमपुरुषी क्रियापद लिंगानुसार बदलत नाही. शेजारभाषेच्या दीर्घ संपर्काची ही खूण मानली जाते. उत्तरपत्रिकेत मात्र हेच रूप अशुद्ध ठरते. ज्या बोलीला व्याकरणाच्या तासाला स्थान नाही, तिच्यातील ग्रंथाचा राष्ट्रीय पातळीवर पुरस्कार होतो, तेव्हा त्या विद्यार्थिनीच्या घरची भाषाही पुढे केली जाते.

म्हणून पुरस्कारसमित्यांत त्या त्या बोलीचा एक तरी जाणकार असावा, असे सुचवावेसे वाटते. बोली न कळणाऱ्या परीक्षकाला अपरिचित रूप हा दोष वाटण्याचा संभव असतो. अशा वेळी होणारी निवड पारितोषिक ठरेल. तिला पुरस्कार म्हणता येणार नाही.