पन्हाळीतला पाला ब्लोअरने निघतो, पण कोराडीतल्या राखडीचं काय?

पिंपळ आणि कडुनिंब उन्हाळ्याच्या तोंडावर पानं गाळतात. घराला लागून झाड असेल तर त्यातला बराच पाला पत्र्याच्या पन्हाळीत जाऊन बसतो आणि जूनपर्यंत तिकडे कुणी बघत नाही. मग पहिल्या जोरदार पावसात पाणी पाइपातून न उतरता भिंतीवरून उतरतं.

हे पाणी थोडं नसतं. एक चौरस मीटर छपरावर एक मिलिमीटर पाऊस पडला की एक लिटर पाणी होतं. म्हणजे ५० चौरस मीटरच्या छपरावर १०० मिलिमीटर पावसाचं पाणी भरतं ५,००० लिटर. नागपुरात २३ सप्टेंबर २०२३ च्या पहाटे काही तासांतच एवढा पाऊस पडला होता. पाऊस थांबल्यावरही तुंबलेल्या पन्हाळीत पाणी राहतं, आणि डेंग्यूच्या डासाला अंड्यापासून डास व्हायला आठ-दहा दिवस पुरतात.

अमेरिकेत, कॅनडात उतरत्या छपरांच्या पन्हाळी साफ करायला लीफ ब्लोअर वापरतात. त्याला टोकाशी वाकवलेली लांब नळी जोडून जमिनीवरूनच पाला उडवायचा. आपल्याकडे हार्डवेअरच्या दुकानात मिळणारा, कॉम्प्युटर किंवा एसीची धूळ काढायचा छोटा ब्लोअरही सुक्या पाल्यासाठी चालतो. सुकं पान हलकं आणि पसरट असतं. हवा त्याच्याखाली शिरली की ते उचललं जातं. ओलं पान तळाला चिकटतं आणि हवा त्याच्यावरून निघून जाते. म्हणून हे काम चार-आठ दिवस कोरडे गेल्यावर, दुपारी करावं. आधी उतरत्या पाइपाच्या तोंडात फडक्याचा बोळा बसवावा आणि पाला पाइपापासून दूर ढकलत न्यावा. उलट केलं तर तोच पाला पाइपात ठासला जातो. शेवटी बोळा काढायला विसरू नका.

पण कोराडीत पन्हाळीत फक्त पाला नसतो. इथलं औष्णिक वीज केंद्र १९७४ पासून चालू आहे, आज त्यात ६६० मेगावॅटचे तीन संच आहेत, आणि कोराडी-खापरखेडा पट्ट्यातल्या गावांतून छतावर, अंगणात, वाळत घातलेल्या कपड्यांवर राखड बसल्याच्या तक्रारी वर्षानुवर्षं येत आहेत. ही राखड पाल्याच्या फटींत भरते. तिचे बहुतेक कण केसाच्या जाडीपेक्षा बारीक असतात आणि त्यांत सिलिका असते, जी पुन्हा पुन्हा श्वासातून गेली तर फुप्फुसांना इजा करते. ब्लोअर लावला की पाला खाली पडतो, राखड मात्र हवेत जाते: तुमच्या तोंडाशी, शेजाऱ्याच्या खिडकीत, आणि थोड्या वेळाने परत त्याच छपरावर. नाकाला बांधलेला रुमाल हे कण अडवत नाही.

ओळखायची सोपी रीत म्हणजे पन्हाळीतली चिमूटभर धूळ ओलसर बोटांनी चोळून बघणं. पावडरीसारखी मऊ, करडी लागली तर ब्लोअर बाजूला ठेवा. पाण्याचा हलका शिडकावा करा, थोडा वेळ मुरू द्या आणि खुरप्याने किंवा थापीने काढून घमेल्यात भरा. एन-९५ मास्क, चष्मा आणि हातमोजे हवेतच.

राखड सिमेंटसारखी दगड होते असं बरेच जण समजतात. चुना मिळाल्याशिवाय ती तशी घट्ट होत नाही, पण ओली झाली की दाबून बसते आणि फार जड होते. १० मीटर लांब, १० सेंटिमीटर रुंद पन्हाळीत ५ सेंटिमीटर थर म्हणजे ५० लिटर गाळ. ओल्या राखडीचा असेल तर सत्तरेक किलो. पत्र्याचे हूक तेवढ्यासाठी लावलेले नसतात. (ओली राखड काय करू शकते हे इथल्या लोकांना वेगळं सांगायला नको. जुलै २०२२ मध्ये खसाळ्याचा राख बंधारा फुटला, तेव्हा ती शेतांत पसरली होती.)

काढलेला गाळ नालीत टाकू नका, तो पुढे तिथेच बसेल. परसातल्या भाजीच्या वाफ्यातही नको, कारण राखडीत आर्सेनिक, शिसं अल्प प्रमाणात असतं. गोणीत भरून तोंड बांधा आणि कचरा गाडीवाल्याला ती राखड आहे हे सांगूनच द्या.

सिमेंटच्या पत्र्यावर पाय देऊ नका, तो पायाखाली फुटतो. जुन्या सिमेंट पत्र्यांत ॲस्बेस्टॉस असतं, त्यामुळे त्यांच्यावर ब्लोअर तर अजिबात नको. शिडी खाली कुणीतरी धरलेली हवी, आणि जवळून विजेची तार जात असेल तर लोखंडी शिडी किंवा लांब नळी वापरूच नये. पाणी शिंपडायच्या आधी विजेवरचा ब्लोअर प्लगमधून काढून खाली ठेवा.

मे महिन्यात एकदा साफ केलं तरी पहिल्या दोन-तीन सरी छपरावरची उरलेली राखड धुऊन पन्हाळीतच आणतात. म्हणून जूनअखेर उघडीप मिळाली की पन्हाळीच्या वरच्या टोकाला एक बादली पाणी ओता. खाली पाइपातून ते धारेने न येता थेंबथेंब आलं, तर पुन्हा खुरपं काढा.