टीव्हीवरचे माळीबुवा

मंडळी, 'आमची माती, आमची माणसं' तुम्ही आम्ही सगळ्यांनीच पाहिलं. पण टीव्हीवर मातीचं बोलणारा गडी त्याच्या कितीतरी आधी लंडनात होऊन गेला. नाव सी. एच. मिडलटन, माळ्याचा मुलगा. रेडिओमुळं घरोघरी ठाऊक. बीबीसीचा टीव्ही नोव्हेंबर १९३६ मध्ये सुरू झाला आणि त्याच महिन्यात हे पडद्यावर आले. केंद्राच्या आवारातच बाग केलेली. सगळं थेट! रोप हातात मोडलं तर मोडलं, लोकांना दिसणारच. जपून ठेवायची सोय नव्हती. १ सप्टेंबर १९३९ ला युद्धापायी टीव्ही बंद पडला. मिडलटन रेडिओवरून परसात भाजीपाला लावा म्हणून सांगत राहिले. टीव्ही जून १९४६ ला परत लागला. मिडलटन सप्टेंबर १९४५ मध्येच वारले होते.