भाडेकऱ्याला आसरा, घरमालकाला सुनावणी

श्रोतेहो, गावात तंटा उभा राहिला म्हणजे जाणती माणसे आधी काय विचारतात? "दुसऱ्याचे म्हणणे काय?" प्रश्न साधा खरा, पण अमेरिकेच्या न्यूयॉर्क राज्यात 2021 साली एका कायद्याचे भवितव्य त्याच्यावरच ठरले.

2020 साली कोरोनाची साथ आली. कामधंदे बंद पडले, लाखोंची मिळकत थांबली, घरभाडे थकले. अशा वेळी माणसे रस्त्यावर आली तर रोग आणखीच पसरणार. म्हणून 28 डिसेंबर 2020 रोजी त्या राज्याने कायदा केला. भाडेकऱ्याने एका नमुन्यावर 'साथीमुळे मी अडचणीत आहे' असे लिहून सही करून दिले, की त्याला घराबाहेर काढण्याचे काम स्थगित. खोटे लिहिणे गुन्हा होता. भाडेही माफ झाले नव्हते. ते डोक्यावर राहतच होते.

मग घरमालकांची तक्रार कशाची? समजा, एखाद्या बाईचे दोनच खोल्यांचे बिऱ्हाड भाड्याने दिलेले आहे. तिचा संसार त्याच भाड्यावर, आणि घरावरच्या कर्जाचे हप्तेही त्यातूनच. भाडेकऱ्याचा पगार चालू आहे, अशी तिची खात्री आहे. पण ते न्यायालयात मांडायची तिला सोयच नाही! भाडेकऱ्याची सही हाच शेवटचा शब्द.

अमेरिकेच्या घटनेत 1868 साली चौदावी दुरुस्ती झाली. कायद्याची रीतसर प्रक्रिया पाळल्यावाचून कोणत्याही राज्याने कोणाचे जीवित, स्वातंत्र्य वा मालमत्ता हिरावून घेऊ नये, असे ती सांगते. त्या आधारावर काही लहान घरमालक सर्वोच्च न्यायालयात गेले. 12 ऑगस्ट 2021 रोजी न्यायालयाने कायद्याच्या त्या भागाची अंमलबजावणी थांबवली. स्वतःच्या खटल्यात कोणी स्वतःच न्यायाधीश होऊ नये, हे जुने तत्त्व त्याने पुढे ठेवले.

तीन न्यायमूर्तींचे मत मात्र वेगळे पडले. घरमालकांचा हक्क बुडत नाही, फक्त लांबणीवर पडतो. कायद्याची मुदतही महिनाअखेर संपते. आणि संकटकाळी विधिमंडळाच्या निर्णयाचा मान राखावा, असे त्यांचे म्हणणे. तेही उडवून लावण्यासारखे नव्हे. सरकारी भाडेमदत लोकांच्या हाती पडायला वेळ लागत होता, आणि घर एकदा सुटले की पुन्हा मिळणे कठीण.

पुढे काय झाले? सप्टेंबर 2021 च्या आरंभी विधिमंडळाने कायदा सुधारला. भाडेकऱ्याचे संरक्षण 15 जानेवारी 2022 पर्यंत राहिले. पण घरमालकाला त्याच्या अडचणीविषयी शंका घेण्याची, सुनावणी मागण्याची वाट मिळाली. अडचण खरी ठरली तर स्थगिती कायम, खोटी ठरली तर खटला पुढे.

शिक्षकबंधूंनी हा प्रसंग वर्गात जरूर सांगावा. दुबळ्याला आधार देणे हे सरकारचे कामच आहे. पण तो देताना दुसऱ्याचे तोंड बांधायचे नसते. दोघांचेही ऐकून घ्यावे, मग न्याय करावा.