निजामाच्या तोफा आणि वाशिमची वाट

पालखेडची लढाई झाली वैजापूरजवळ, पण त्या मोहिमेची अर्धी गंमत आपल्या वऱ्हाडात आहे. 1727 अखेर सत्तावीस वर्षांचा पेशवा पहिला बाजीराव जालना, सिंदखेड लुटून माहूर, मंगरूळपीर, वाशीम या पट्ट्यात घुसला. त्याचा शत्रू, दख्खनचा निजाम, याला वाटलं, गडी वऱ्हाडात सापडणार. छे! स्वारी खानदेशातून तापी ओलांडून थेट गुजरातेत.

चिडलेल्या निजामाने पुणं गाठलं. दुसरा कुणी असता तर घर वाचवायला पळत आला असता. बाजीरावाने निजामाच्या औरंगाबादचा रोख धरला! आता धावायची पाळी निजामाची. घाईत त्याच्या अवजड तोफा मागे राहिल्या, पालखेडला मराठ्यांनी पाणी तोडलं आणि 6 मार्च 1728 रोजी मुंगी-शेवगावचा तह झाला. दुसऱ्या महायुद्धात रोमेलला हरवणाऱ्या माँटगोमेरीनेही आपल्या युद्धइतिहासात या मोहिमेला दाद दिली आहे.

मराठी फौजेचा भटारखाना? सांगतात की, निजामाने बाजीरावाचं चित्र काढायला चितारी धाडला. चित्रात काय, तर लगाम घोड्याच्या मानेवर टाकलेला, भाला खांद्यावर आणि स्वारी चालता चालता तळहातावर कणसं चोळून दाणे तोंडात टाकतेय. रसदखात्याने हे चित्र फ्रेम करून लावावं!

चपळाईचं दुसरं उदाहरण आपल्या वऱ्हाडातलंच, कारंजा. ऑक्टोबर 1670 मध्ये सुरत लुटल्यावर मोगलांची नजर तिकडे असताना डिसेंबरात शिवाजी महाराजांची फौज इथल्या सावकारांच्या दारात. लूट वाहायला म्हणे चार हजार बैल-गाढवं लागली. गावचा सर्वांत मोठा धनिक मात्र निसटला, तोही बाईच्या वेषात. बाईला हात लावायचा नाही, हा महाराजांचा हुकूम त्याला पक्का ठाऊक होता. शत्रूचे नियम पाठ असले की असं सुटता येतं. गुप्तहेर खात्याने नोंद घ्यावी.

आणि हलकं, चपळ राहायचं विसरलं की काय होतं? पानिपत. 1761 मध्ये त्याच मराठ्यांनी जड तोफखाना, बायकामुलं, यात्रेकरू, बुणगे असा सगळा लवाजमा नेला. अफगाण बादशहा अब्दालीने रसद तोडली आणि उपाशी फौज 14 जानेवारीला मैदानात उतरली. 2022 मध्ये कीव्हच्या वाटेवर रशियन वाहनांची साठेक किलोमीटरची रांग अडकून पडली, तेव्हाही इंधन आणि अन्न हीच रड होती. रणगाडा कितीही भारी असो, डिझेल संपलं की तो निजामाची तोफच.